बिअर्डमोर हिमनदी : भूगोल, नामकरण आणि गोंडवनी वारसा

सारांश :
अंटार्क्टिका खंडातील बिअर्डमोर हिमनदी ही जगातील सर्वांत मोठ्या पर्वतीय हिमनद्यांपैकी एक होय. इ. स. १९०८ मध्ये अर्नेस्ट शॅकलटन यांच्या तुकडीने तिचा शोध लावला आणि ग्लासगो येथील एका उद्योगपतीचे नाव तिला दिले. निर्मनुष्य प्रदेशात नाव कसे पडते, त्यामागे कोणती ऋणे आणि कोणते हक्क दडलेले असतात, याचा विचार प्रस्तुत लेखात या एका हिमनदीच्या आधारे केला आहे. याच हिमनदीच्या काठावर १९१२ मध्ये सापडलेल्या जीवाश्म पानांनी अंटार्क्टिकाचे नाते मध्य भारतातील गोंडवनाशी जोडले. या नात्याची फारशी दखल स्थलनामांच्या अभ्यासात घेतली जात नाही. ती येथे घेतली आहे.

बीजसंज्ञा : निर्गम हिमनदी, स्थलनाम, आश्रयदाता, ग्लॉसोप्टेरिस, गोंडवन.

प्रस्तावना :
स्थलनाम हा भूगोल, इतिहास आणि भाषा या तीन विद्याशाखांना जोडणारा दुवा आहे. वस्ती असलेल्या प्रदेशात नावे वापरातून घडतात. तेथे नाव देणारी व्यक्ती बहुधा अज्ञात असते आणि नावाचा अर्थ त्या भूमीशी असलेल्या माणसाच्या सहवासातून येतो. काराकोरममधील सियाचिन हे नाव बाल्टी भाषेतील असून 'जेथे रानगुलाब विपुल आहेत ते स्थान' असा त्याचा अर्थ सांगितला जातो. हिमनदीच्या नावात गुलाब यावा, यातच त्या परिसरात गुरे चारणाऱ्या, वाटा तुडवणाऱ्या माणसांची उपस्थिती दिसते.

याउलट जेव्हा बाहेरून आलेली सत्ता नाव देते तेव्हा जुने नाव मागे पडते. हिमालयातील सर्वोच्च शिखराला १८६५ मध्ये सर्वेक्षण खात्याच्या माजी प्रमुखाचे, म्हणजे एव्हरेस्ट यांचे नाव देण्यात आले. त्या वेळी 'चोमोलुंग्मा' हे तिबेटी नाव अस्तित्वात होतेच. अशा नामकरणात कोणाचे तरी नाव पुसले जाते.

अंटार्क्टिकाची स्थिती या दोहोंपेक्षा वेगळी आहे. तेथे मूळ रहिवासी नाहीत, त्यामुळे पुसले जाणारे नावही नाही. म्हणून तेथील नामकरण निरुपद्रवी आणि निव्वळ सोयीचे होते, असा समज सहज होतो. तो समज कितपत खरा आहे, हे तपासण्यासाठी बिअर्डमोर हिमनदी हे उत्तम उदाहरण ठरते.

लेखाची उद्दिष्टे :
१) बिअर्डमोर हिमनदीचे स्थान, भूरचना आणि कार्य स्पष्ट करणे.
२) हिमनदी व तिच्या परिसरातील नावांचे स्वरूप आणि त्यामागील हेतू तपासणे.
३) या परिसरातील जीवाश्म पुराव्याचा मध्य भारताशी, विशेषतः विदर्भाशी असलेला संबंध मांडणे.

१. स्थान आणि भूरचना :
बिअर्डमोर हिमनदी सुमारे ८३.५ ते ८५ अंश दक्षिण अक्षांश आणि १७० अंश पूर्व रेखांशाच्या आसपास आहे. तिच्या मुखापासून दक्षिण ध्रुव सुमारे ७०० किलोमीटरवर आहे. तिची लांबी सुमारे २०० किलोमीटर असून काही ठिकाणी रुंदी ४० किलोमीटरपर्यंत जाते. तुलनेसाठी, सियाचिन हिमनदीची लांबी सुमारे ७५ किलोमीटर व गंगोत्री हिमनदीची सुमारे ३० किलोमीटर आहे.

मात्र ही तुलना केवळ आकारापुरती आहे. हिमालयातील हिमनद्या शिखरांच्या कुशीत साठलेल्या हिमावर पोसल्या जातात. बिअर्डमोर ही निर्गम हिमनदी आहे. पूर्व अंटार्क्टिकावर हजारो मीटर जाडीचे हिमावरण पसरलेले आहे. हे हिमावरण स्वतःच्या भाराने अतिशय मंदपणे समुद्राकडे सरकते. सुमारे ३,५०० किलोमीटर लांबीची ट्रान्सअंटार्क्टिक पर्वतरांग त्याच्या मार्गात धरणाच्या भिंतीसारखी उभी आहे. या भिंतीत जेथे जेथे खिंडी आहेत, तेथून बर्फ बाहेर पडतो. धरणाच्या सांडव्यातून पाणी निघावे तसा हा प्रकार असतो. बिअर्डमोर हा अशाच सांडव्यांपैकी एक. तिच्या उत्तरेकडील निम्रॉड व बर्ड आणि पूर्वेकडील शॅकलटन व ॲक्सेल हायबर्ग याही त्याच पर्वतरांगेतून उतरणाऱ्या हिमनद्या आहेत.

ध्रुवीय पठारावरून खाली येताना बिअर्डमोर हिमनदी सुमारे २,२०० मीटर उतरते आणि रॉस हिममंचाला मिळते. हिममंच म्हणजे जमिनीशी जोडलेला, परंतु समुद्रावर तरंगणारा बर्फाचा विस्तीर्ण थर. रॉस हिममंचाचे क्षेत्रफळ सुमारे पाच लाख चौरस किलोमीटर, म्हणजे महाराष्ट्राच्या दीडपटीहून अधिक आहे.

हिमनदीच्या पश्चिमेस राणी अलेक्झांड्रा पर्वतरांग आहे. तिच्यातील माउंट कर्कपॅट्रिक हे ४,५२८ मीटर उंचीचे शिखर ट्रान्सअंटार्क्टिक पर्वतरांगेतील सर्वोच्च शिखर मानले जाते. पूर्वेस कॉमनवेल्थ रांग आहे. वरच्या भागात मिल हिमनदी येऊन मिळते आणि या दोन प्रवाहांच्या संगमावर डोमिनियन रांग उभी आहे. पठारावरून खाली घसरणारे थंड, जड हवेचे वारे पृष्ठभागावरील हिम उडवून नेतात. त्यामुळे हिमनदीचा बराचसा भाग उघड्या, कठीण, निळसर बर्फाचा आहे. जेथे उतार बदलतो किंवा उपनद्या मिळतात तेथे बर्फ फाटून खोल भेगा पडतात. अशा भेगांवर कित्येकदा हिमाचा पातळ पूल तयार होतो आणि वरून पाहणाऱ्यास खालच्या पोकळीची कल्पना येत नाही.

या हिमनदीचे महत्त्व स्थानिक नाही. हिममंच हा निर्गम हिमनद्यांना मागे रेटून धरणारा आधार असतो. अंटार्क्टिक द्वीपकल्पावरील लार्सेन बी हा हिममंच २००२ मध्ये कोसळल्यानंतर त्याला मिळणाऱ्या हिमनद्यांचा वेग वाढल्याचे मोजमापांतून दिसून आले. रॉस हिममंच आज टिकून आहे. तो खिळखिळा झाला, तर त्याच्यामागील हिमनद्यांचे काय होईल, हा समुद्रपातळीच्या अभ्यासातील कळीचा प्रश्न आहे.

२. शोध :
१९०७ ते १९०९ या काळात अर्नेस्ट शॅकलटन यांच्या नेतृत्वाखाली निम्रॉड जहाजावरून ब्रिटिश मोहीम अंटार्क्टिकाला गेली. शॅकलटन, जेमिसन ॲडम्स, एरिक मार्शल आणि फ्रँक वाइल्ड या चौघांनी चार तट्टांसह ध्रुवाच्या दिशेने कूच केले. रॉस हिममंच ओलांडताना तीन तट्टे मारावी लागली. दक्षिणेकडे सरकताना समोर पर्वतांची भिंत आडवी येत गेली आणि ध्रुवाकडे सपाटीवरून जाता येईल ही आशा मावळली.

डिसेंबर १९०८ च्या पहिल्या आठवड्यात या चौघांनी एका लहान पर्वतावर चढून पलीकडे पाहिले. दोन पर्वतरांगांच्या मधून दक्षिणेकडे चढत गेलेला बर्फाचा प्रचंड राजमार्ग त्यांना दिसला. ज्या पर्वतावरून तो दिसला त्याला त्यांनी माउंट होप, म्हणजे आशेचा पर्वत, असे नाव दिले. ७ डिसेंबर रोजी त्यांचे अखेरचे तट्टू, सॉक्स, हिमपुलावरून भेगेत कोसळले. त्याला घेऊन चाललेले वाइल्ड थोडक्यात बचावले. यापुढे सर्व भार माणसांनी ओढला. हिमनदी चढून हे चौघे पठारावर पोहोचले आणि ९ जानेवारी १९०९ रोजी ८८ अंश २३ मिनिटे दक्षिण येथून परत फिरले. ध्रुव तेथून सुमारे १८० किलोमीटर होता.

तीन वर्षांनी रॉबर्ट स्कॉट यांच्या तुकडीने हाच मार्ग निवडला. १७ जानेवारी १९१२ रोजी ते ध्रुवावर पोहोचले. परंतु रोआल्ड आमुंडसेन यांची नॉर्वेची तुकडी १४ डिसेंबर १९११ रोजीच तेथे येऊन गेली होती. परतीच्या वाटेवर १७ फेब्रुवारी १९१२ रोजी एडगर इव्हान्स यांचा मृत्यू बिअर्डमोर हिमनदीच्या पायथ्याशी झाला. उरलेले चौघे रॉस हिममंचावर मरण पावले.

३. नामकरण : ऋणांचा नकाशा
विल्यम बिअर्डमोर हे ग्लासगोतील पार्कहेड लोहशाळेचे मालक आणि जहाजबांधणीतील बडे उद्योगपती. शॅकलटन काही काळ त्यांच्याकडे नोकरीस होते. मोहिमेसाठी भांडवल उभे करताना बिअर्डमोर यांनी बँकेच्या कर्जास हमी दिली. त्याचबरोबर एक ॲरल-जॉन्स्टन मोटारही दिली. अंटार्क्टिकाच्या भूमीवर आलेली ती पहिली मोटार होय. मोहिमेतील सर्वांत मोठा भौगोलिक शोध त्यांच्या नावावर झाला, तो या उपकाराची परतफेड म्हणून. बिअर्डमोर यांनी ही हिमनदी कधीही पाहिली नाही.

हे उदाहरण एकटे नाही. हिमनदीच्या भोवतालची नावे एकत्र वाचली म्हणजे मोहिमेची जमाखर्चाची वहीच उघडल्यासारखे वाटते. या नावांचे पुढील गट पडतात.

(अ) आश्रयदाते : बिअर्डमोर यांच्याप्रमाणेच माउंट कर्कपॅट्रिक हे शिखरही ग्लासगोतील एका व्यावसायिक पाठीराख्याच्या नावाचे आहे. माउंट बकली हे नाव न्यूझीलंडमधील जॉर्ज बकली यांचे. ते निम्रॉडवरून सागरी बर्फाच्या कडेपर्यंत सोबत गेले आणि जहाज ओढून नेणाऱ्या आगबोटीतून परतले.

(आ) राजसत्ता आणि शासने : राणी अलेक्झांड्रा यांनी मोहिमेला ध्वज दिला होता. कॉमनवेल्थ रांग हे नाव मोहिमेला साहाय्य करणाऱ्या ऑस्ट्रेलियाच्या संघराज्यावरून, तर डोमिनियन रांग हे नाव न्यूझीलंडच्या स्वशासित वसाहतीवरून दिले गेले. म्हणजे या नावांतही मदत आणि साम्राज्यनिष्ठा या दोन्ही गोष्टी एकवटल्या आहेत.

(इ) विद्वत्संस्था : मिल व केल्टी या उपहिमनद्या भूगोलतज्ज्ञ ह्यू रॉबर्ट मिल आणि रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीचे सचिव जॉन स्कॉट केल्टी यांच्या नावाच्या आहेत. माउंट डार्विन हे नाव वाचून उत्क्रांतिवादाच्या जनकाची आठवण होते. प्रत्यक्षात ते त्यांचे पुत्र आणि त्या वेळचे सोसायटीचे अध्यक्ष मेजर लिओनार्ड डार्विन यांच्यावरून दिलेले आहे. केवळ नावावरून निष्कर्ष काढल्यास अभ्यासक कसा फसतो, याचे हे चांगले उदाहरण आहे.

(ई) सोबती : ॲडम्स आणि मार्शल यांची नावे राणी अलेक्झांड्रा रांगेतील पर्वतगटांना मिळाली. भेगेत नाहीशा झालेल्या सॉक्स या तट्टाचे नाव मात्र त्या वेळी नकाशावर आले नाही. ते पुढे न्यूझीलंडच्या १९५९-६० च्या गिर्यारोहण मोहिमेने जवळच्याच एका उपहिमनदीला दिले.

(उ) वर्णन आणि भावना : हिमनदीच्या पश्चिम कडेवरील एका पर्वताच्या माथ्याशी बहुधा ढग असे. परतीच्या वाटेवर खूण म्हणून तो उपयोगी पडत असे. त्याला 'क्लाउडमेकर', म्हणजे ढग घडवणारा, असे नाव मिळाले. माउंट होप हे नाव याच वर्गातील.

या वर्गीकरणातून एक गोष्ट लक्षात येते. पहिल्या तीन गटांतील नावे जहाज निघण्यापूर्वीच, एका अर्थाने, ठरलेली होती. ती कोणत्याही हिमनदीला वा शिखराला लावता आली असती. पाचव्या गटातील नावे मात्र त्या जागी उभे राहिल्याखेरीज सुचली नसती. सियाचिनचे नाव ज्या प्रक्रियेतून घडले तिचा अंश येथे केवळ क्लाउडमेकर आणि माउंट होप यांसारख्या नावांत उरला आहे.

आमुंडसेन यांनीही हेच केले. ज्या अरुंद, तीव्र उताराच्या हिमनदीवरून ते पठारावर चढले तिला त्यांनी ॲक्सेल हायबर्ग या नॉर्वेजियन आश्रयदात्याचे नाव दिले. कॅनडाच्या आर्क्टिक भागातील एका मोठ्या बेटालाही याच गृहस्थाचे नाव यापूर्वीच मिळाले होते. दोन्ही ध्रुवांकडे जाणाऱ्या वाटा युरोपातील पेढ्या आणि कारखान्यांतून जात होत्या, हे या नावांनी नोंदवून ठेवले आहे.

४. नावांना मान्यता आणि हक्काचा प्रश्न :
शोधकाने दिलेले नाव कायम राहते ते कोणत्या अधिकाराने? अंटार्क्टिकावर सर्वमान्य सार्वभौम सत्ता नाही, त्यामुळे नावे मान्य करणारी एकच संस्थाही नाही. बिअर्डमोर हिमनदी ज्या 'रॉस डिपेंडन्सी' क्षेत्रात येते त्याचा कारभार १९२३ मध्ये ब्रिटिश शासनाने न्यूझीलंडकडे सोपविला. मात्र या भूभागावरील हक्काला सर्व राष्ट्रांची मान्यता नाही. ब्रिटन, अमेरिका, न्यूझीलंड आदी देशांच्या स्वतंत्र स्थलनाम समित्या आहेत.

याचा परिणाम काही ठिकाणी ठळक दिसतो. अंटार्क्टिक द्वीपकल्पाला ब्रिटिश नकाशे ग्रॅहम लँड म्हणत, तर अमेरिकन नकाशे पामर द्वीपकल्प. चिली त्यास ओ'हिगिन्स भूमी आणि अर्जेंटिना सॅन मार्टिन भूमी म्हणतो. १९६४ मध्ये ब्रिटन व अमेरिका यांनी 'अंटार्क्टिक द्वीपकल्प' या तटस्थ नावावर सहमती केली. नावांचा वाद हा तेथे भूभागाच्या हक्काचाच वाद होता.

१ डिसेंबर १९५९ रोजी स्वाक्षऱ्या झालेल्या आणि १९६१ पासून अमलात आलेल्या अंटार्क्टिक कराराच्या चौथ्या कलमाने असे सर्व हक्क आहेत त्या स्थितीत ठेवले. करार अमलात असताना केलेल्या कोणत्याही कृतीने नवा हक्क निर्माण होणार नाही, असे ठरले. त्यामुळे नामकरणाची राजकीय धार बोथट झाली. पुढे अंटार्क्टिक संशोधनविषयक आंतरराष्ट्रीय वैज्ञानिक समितीने सर्व देशांनी दिलेल्या नावांची एकत्रित सूची तयार करण्याचे काम हाती घेतले. एका जागेला एकच नाव असावे हे तिचे धोरण आहे; परंतु जुनी दुहेरी नावे सूचीत शेजारी शेजारी नांदतात.

म्हणजे पुसले जाणारे मूळ नाव नसले तरी नामकरण निव्वळ सोयीचे होते असे म्हणता येत नाही. 'कॉमनवेल्थ', 'डोमिनियन', 'राणी अलेक्झांड्रा' ही तीन नावे एका हिमनदीच्या काठी एकत्र येतात तेव्हा ती एका साम्राज्याचे कुटुंबचित्रच उभे करतात.

५. खडकातील नाव : ग्लॉसोप्टेरिस इंडिका
हिमनदीला नाव मिळाले त्याच मोहिमेत, डिसेंबर १९०८ मध्ये, वाइल्ड यांना माउंट बकलीच्या परिसरात दगडी कोळशाचे थर आढळले. ध्रुवाच्या इतक्या जवळ कोळसा याचा अर्थ असा की, येथे कधी काळी दाट वनस्पती होत्या. त्या कोणत्या, याचे उत्तर तीन वर्षांनी मिळाले.

ध्रुवावरून परतताना ८ फेब्रुवारी १९१२ रोजी स्कॉट यांची थकलेली तुकडी माउंट बकलीच्या पायथ्याच्या हिमोढावर थांबली. डॉक्टर व निसर्गशास्त्रज्ञ एडवर्ड विल्सन यांनी तेथे पानांचे ठसे असलेले खडक गोळा केले. सुमारे १६ किलो वजनाचे हे नमुने त्यांनी अखेरपर्यंत घसरगाडीवरून टाकून दिले नाहीत. नोव्हेंबर १९१२ मध्ये शोधपथकाला शेवटचा तंबू सापडला तेव्हा नमुने त्यांच्याजवळच होते. केंब्रिजचे वनस्पतिशास्त्रज्ञ ए. सी. सिवर्ड यांनी १९१४ मध्ये त्यांचे वर्णन प्रसिद्ध केले आणि पाने ग्लॉसोप्टेरिस इंडिका या वनस्पतीची असल्याचे ठरविले.

ग्लॉसोप्टेरिस हा ग्रीक शब्दांवरून घडलेला आणि १८२८ मध्ये फ्रेंच शास्त्रज्ञ ब्राँन्यार यांनी रूढ केलेला शब्द असून त्याचा अर्थ 'जिभेच्या आकाराचे पर्ण' असा होतो. 'इंडिका' म्हणजे भारतीय. अशा रीतीने ग्लासगोच्या उद्योगपतीचे नाव धारण केलेल्या हिमनदीच्या काठच्या खडकात भारताचे नाव निघाले. ते कोणी उपकाराची फेड म्हणून दिलेले नव्हते. भारतात आधी ओळखल्या गेलेल्या पानाशी ते पान जुळले, एवढेच त्यामागचे कारण होते.

योगायोग असा की, त्याच वर्षी ६ जानेवारी रोजी आल्फ्रेड वेगेनर यांनी फ्रँकफर्ट येथे खंडवहनाची कल्पना प्रथम मांडली होती. विल्सन यांना तिची वार्ता असणे शक्य नव्हते. ग्लॉसोप्टेरिसची बीजे महासागर ओलांडून वाऱ्याने पसरणे अवघड. म्हणून भारत, दक्षिण आफ्रिका, ऑस्ट्रेलिया, दक्षिण अमेरिका आणि अंटार्क्टिका येथील तिचे अस्तित्व हा हे भूभाग एकेकाळी सलग असल्याचा महत्त्वाचा पुरावा ठरला. हा सिद्धान्त सर्वमान्य होण्यास मात्र आणखी अर्धे शतक लागले. १९६९ मध्ये राणी अलेक्झांड्रा रांगेच्या पश्चिमेस कोलसॅक कड्यात लिस्ट्रोसॉरस या सरीसृपसदृश प्राण्याचे अवशेष मिळाले. हा प्राणी दामोदर खोऱ्यातील पांचेत थरांतूनही ज्ञात आहे. जमिनीवर वावरणारा हा प्राणी महासागर पोहून गेला असेल, असे म्हणणे कठीण होते.

हिमनदीच्या परिसरातील शोध येथे थांबले नाहीत. माउंट कर्कपॅट्रिकवर १९९०-९१ च्या हंगामात क्रायोलोफोसॉरस या डायनोसॉरचे अवशेष सापडले. हिमनदीच्या वरच्या भागात मिळालेल्या खुरट्या दक्षिणी बीच वृक्षाच्या पानांना १९९६ मध्ये 'नोथोफॅगस बिअर्डमोरेन्सिस' असे नाव देण्यात आले. माउंट बकलीवरून तेथील कोळसायुक्त खडकांच्या गटासही बकली हे नाव मिळाले आहे. माणसाचे नाव हिमनदीला, हिमनदीचे वनस्पतीला आणि शिखराचे खडकाला असा नावांचा प्रवास येथे दिसतो. या प्रवासात मूळ व्यक्ती हळूहळू मागे राहते.

६. गोंडवन : एका नावाचा प्रवास
ज्या खडकांत ग्लॉसोप्टेरिस आढळते त्या खडकांच्या संघाला भारतात गोंडवनी संघ म्हणतात. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण विभागातील एच. बी. मेडलिकॉट यांनी १८७२ मध्ये ही संज्ञा योजिली आणि १८७६ मध्ये ओटोकार फाइस्टमांटेल यांनी ती छापील लेखनात आणली. नर्मदेच्या दक्षिणेस, जुन्या गोंड राज्यांच्या प्रदेशात हे खडक प्रामुख्याने दिसतात, म्हणून हे नाव. ऑस्ट्रियन भूवैज्ञानिक एडुआर्ट झ्यूस यांनी पुढे दक्षिणेकडील विशाल प्राचीन भूखंडाला गोंडवनभूमी म्हटले आणि चांदा, देवगड, गढा-मंडला या राज्यांचा वारसा सांगणारे नाव जगभरच्या ग्रंथांत गेले.

या इतिहासात विदर्भाचे स्थान महत्त्वाचे आहे. नागपूर येथे कार्य केलेले स्कॉटिश मिशनरी स्टीफन हिस्लॉप यांनी नागपूर परिसरातील खडकांतून जीवाश्म वनस्पती गोळा केल्या. त्यांचे वर्णन चार्ल्स बनबरी यांनी १८६१ मध्ये लंडनच्या भूवैज्ञानिक नियतकालिकात केले आणि त्यांत ग्लॉसोप्टेरिसचाही समावेश होता. याच हिस्लॉप यांनी गोंडांच्या भाषेची आणि लिंगोच्या मौखिक गीताची नोंद केली. ती त्यांच्या मृत्यूनंतर १८६६ मध्ये प्रसिद्ध झाली. नागपूरचे हिस्लॉप महाविद्यालय त्यांच्याच नावाचे. विदर्भातील कामठी गावावरून गोंडवनी संघातील एका खडकसमूहाला कामठी हे नाव मिळाले आहे.

याहून बोलका पुरावा चंद्रपूर जिल्ह्यात आहे. इरई गावाजवळ पैनगंगेच्या पात्रातील चुनखडकावर समांतर ओरखडे दिसतात. फ्रान्सिस फेडन यांनी १८७५ मध्ये त्यांची नोंद केली. सरकत्या बर्फात रुतलेल्या दगडांनी कोरलेल्या या रेषा सुमारे तीस कोटी वर्षांपूर्वीच्या हिमयुगाच्या खुणा आहेत. बिअर्डमोर परिसरातही कोळशाच्या थरांखाली त्याच प्राचीन हिमयुगाचे निक्षेप आढळतात. उन्हाळ्यात होरपळणाऱ्या चंद्रपुरात हिमनदीची खूण आणि हिमनदीच्या काठी दगडी कोळसा, ही अदलाबदल एकाच भूखंडाच्या विघटनाची कथा सांगते.

मात्र गोंडवन या नावाकडेही चिकित्सक दृष्टीने पाहावयास हवे. 'गोंड' ही संज्ञा इतरांनी दिलेली असून हा समाज स्वतःला 'कोइतूर' म्हणतो. भूवैज्ञानिकांनी संज्ञा निवडताना त्या समाजाला विचारले नव्हते. बिअर्डमोर हिमनदीला नाव देताना विचारण्यासारखे कोणी तेथे नव्हते, गोंडवनात होते. या फरकाची नोंद भूगोलाच्या पाठ्यपुस्तकांत क्वचितच होते. २०११ मध्ये गडचिरोली येथे गोंडवाना विद्यापीठ स्थापन झाले. त्यामुळे हे नाव जागतिक ग्रंथांतून फिरून आपल्या मूळ भूमीत परतले, असे म्हणता येईल.

७. अंटार्क्टिकावरील भारतीय नावे :
नामकरणाच्या या चर्चेत भारत आज केवळ प्रेक्षक नाही. डॉ. एस. झेड. कासिम यांच्या नेतृत्वाखालील पहिली भारतीय मोहीम ६ डिसेंबर १९८१ रोजी गोव्याहून निघाली. १९८३ मध्ये भारत अंटार्क्टिक करारात सामील झाला. त्यानंतर उभारलेल्या पहिल्या केंद्राचे नाव दक्षिण गंगोत्री. हिममंचावर बांधलेले हे केंद्र हिमाखाली गाडले जाऊ लागल्याने १९९० मध्ये बंद करण्यात आले. मैत्री हे केंद्र बिअर्डमोरपासून दूर, खंडाच्या दुसऱ्या बाजूस, शिर्माखर नावाच्या हिममुक्त खडकाळ पट्ट्यात आहे. भारती हे केंद्र २०१२ मध्ये कार्यान्वित झाले. या संशोधनाचे नियोजन गोव्यातील वास्को द गामा येथील राष्ट्रीय ध्रुवीय व महासागर संशोधन केंद्र करते.

मैत्रीजवळ हिमावरणाचा जो पुढे आलेला सोंडेसारखा भाग आहे त्यालाही दक्षिण गंगोत्री हिमनदी म्हणतात. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण विभागाने तिच्या टोकाच्या स्थितीची वर्षानुवर्षे नोंद ठेवली आहे. जवळच्या तलावाचे नाव प्रियदर्शिनी आहे, तर शिर्माखर हे नाव १९३८-३९ च्या जर्मन मोहिमेतील वैमानिकाचे.

या नावांना वरील वर्गीकरण लावून पाहता येते. प्रियदर्शिनी हे नाव तत्कालीन पंतप्रधानांचा गौरव करणारे, म्हणजे राणी अलेक्झांड्रा या नावाच्या जातीचे आहे. मैत्री हे नाव करारातील सहकार्याचे मूल्य व्यक्त करते. दक्षिण गंगोत्री हे नाव नदीच्या उगमाची भारतीय कल्पना दक्षिण ध्रुवाकडे नेते. यांत व्यक्तिगौरवाबरोबर मूल्य आणि सांस्कृतिक स्मृती यांनाही स्थान आहे. तथापि, तीही दुरूनच, आधी ठरवून दिलेली नावे आहेत, हे विसरता येत नाही.

निष्कर्ष :
१) बिअर्डमोर ही पूर्व अंटार्क्टिकाच्या हिमावरणातून बर्फ बाहेर नेणारी निर्गम हिमनदी असून तिचे भवितव्य रॉस हिममंचाच्या स्थैर्याशी बांधलेले आहे.
२) निर्मनुष्य प्रदेशातील नावे स्थानाविषयी थोडे आणि नाव देणाऱ्याविषयी अधिक सांगतात. बिअर्डमोर परिसरातील बहुतांश नावे आश्रय, राजनिष्ठा आणि विद्वत्संस्थांशी असलेले संबंध यांची नोंद आहेत.
३) मूळ रहिवासी नसल्याने नामकरण निरुपद्रवी ठरत नाही. अंटार्क्टिक द्वीपकल्पाच्या उदाहरणावरून नाव आणि भूभागाचा हक्क यांचा संबंध स्पष्ट होतो.
४) नकाशावरील नाव मानवी निर्णयाने ठरते, तर खडकातील नाते पुराव्याने सिद्ध करावे लागते. माउंट बकलीच्या पानांनी बिअर्डमोर आणि गोंडवन यांचे नाते असे सिद्ध केले.
५) इरई येथील ओरखडे आणि नागपूर परिसरातील जीवाश्म यांच्या साहाय्याने हा विषय महाराष्ट्रातील विद्यार्थ्यांना क्षेत्रभेटीतून शिकवता येण्याजोगा आहे. भूगोल, भूविज्ञान, इतिहास आणि भाषा या विभागांनी तो एकत्रितपणे हाती घेणे इष्ट होईल.

विल्यम बिअर्डमोर १९३६ मध्ये निवर्तले. त्यांच्या पार्कहेड लोहशाळेच्या जागी आज बाजारसंकुल आहे आणि त्याचे नाव 'द फोर्ज', म्हणजे लोहशाळा, असेच आहे. लोहशाळा गेली, तिचा धनी गेला. हिमनदी त्यांचे नाव घेऊन अजून वाहते आहे. तिच्या काठच्या खडकातील पाने मात्र या नावापेक्षा सुमारे पंचवीस कोटी वर्षांनी जुनी आहेत आणि तशीच पाने नागपूर-चंद्रपूरच्या खडकांतही आहेत. विद्यार्थ्यासमोर नकाशा उलगडताना या दोन्ही गोष्टी एकत्र ठेवल्या, तर स्थलनाम हे पाठ करण्याचे नसून वाचण्याचे असते, हे त्यास वेगळे सांगावे लागणार नाही.